क्लोद लेदूबद्दल नेहमी विचारले जाणारे प्रश्न : ब्रेसाँचा फादर ते टीव्हीवरचं अस्वल

आमच्या घरी महिन्यातून एकदा सातआठ जण जमतात आणि जुना पिक्चर बघतात. रोबेर ब्रेसाँ ह्या फ्रेंच डायरेक्टरचा ‘एका खेड्यातल्या धर्मगुरूची डायरी’ हा पिक्चर मी आत्तापर्यंत चारदा लावलाय आणि चारही वेळेला नंतर चहा पिताना त्यात फादरचं काम करणाऱ्या त्या पोराबद्दलच सगळे विचारत बसतात, हा कोण, पुढे काय झालं ह्याचं, परत कुठे दिसला नाही तो. तेच तेच सांगण्यापेक्षा एकदा नीट लिहून काढते.

हा क्लोद लेदू नक्की कोण?

नट. जन्म १० मार्च १९२७, ब्रसेल्स शहरातल्या एतेरबेक भागात. १९५१ साली रोबेर ब्रेसाँचा ‘एका खेड्यातल्या धर्मगुरूची डायरी’ आला त्यातला तो तरुण फादर म्हणजे हा. मोठ्या पडद्यावरचं पहिलंच काम आणि तेच असं की आजही जगातल्या उत्तमातल्या उत्तम अभिनयाबद्दल बोलणं निघालं की त्याचं नाव निघतं. म्हणजे खरं तर त्याचं नाव निघत नाही, ‘ब्रेसाँच्या पिक्चरमधला तो फादर’ असंच म्हणतात लोक, आणि मला नेमकं तेच खुपतं. पुढे दहाएक वर्षं त्याने बरेच पिक्चर केले, मग १९६२ मध्ये लहान मुलांसाठी टीव्हीवर एक कार्यक्रम काढला आणि तो फ्रान्समधल्या घराघरात गेला. २०११ च्या जुलैमध्ये गेला, ८४ वर्षांचा होऊन.

नावाचा उच्चार काय करायचा?

लेदू म्हणा, चालतंय. फ्रेंच लोकांचा शेवटचा स्वर ‘ऊ’ आणि ‘ई’च्या मधला असतो, ओठ ‘ऊ’सारखे करून ‘ई’ म्हणून बघा म्हणजे जवळपास येईल. आपल्या लिपीत तो लिहायची सोय नाही.

मग फ्रेंच नट म्हणायचा की बेल्जियन?

जन्म बेल्जियममधला, काम फ्रेंच. रंगभूमी पॅरिसची, पिक्चर बहुतेक फ्रेंच, टीव्ही तर पूर्णच फ्रेंच. त्यामुळे फ्रेंच नटांच्या यादीत त्याला घातला तर कोणी भांडायला येणार नाही.

आणि ‘पाद्री’ का नाही म्हणत तुम्ही?

आधी म्हणायचे. दुसऱ्यांदा पिक्चर लावला तेव्हा आमच्याकडे वसईच्या एक आजी आल्या होत्या, त्यांनी मला नंतर बाजूला घेऊन सांगितलं की आमच्यात कोणी पाद्री म्हणत नाही बाई, धर्मगुरू म्हण नाहीतर सरळ फादर म्हण. तेव्हापासून मी तसंच म्हणते. त्याच आजींनी पिक्चरमधली सायकल बघून त्यांच्या लहानपणीच्या फादरांची आठवण काढली होती, झगा सावरत सायकलवरून घरोघरी जायचे म्हणे. आणि मूळ फ्रेंच नावातही साधा फादर नाहीये, ‘क्युरे’ आहे, म्हणजे एका विशिष्ट गावाची जबाबदारी ज्याच्यावर आहे असा धर्मगुरू. वसईकडे ‘धर्मग्राम’ म्हणतात ना, त्याचा प्रमुख. हे माहीत असलं की गोष्ट जास्त कळते, कारण त्या बिचाऱ्याला हे पहिलंच गाव मिळालेलं असतं आणि गावाला तो नको असतो.

पिक्चरची गोष्ट थोडक्यात सांगाल का?

सांगते, शेवटासकट सांगते, कारण ह्या पिक्चरमध्ये शेवट माहीत असल्याने काहीच बिघडत नाही. उत्तर फ्रान्समधलं आंब्रिकूर नावाचं चिखलाचं, पावसाचं खेडं. तिथे तरुण फादर येतो. पोटात सतत दुखतं, काही पचत नाही, म्हणून शिळा पाव वाइनमध्ये बुडवून त्यावर साखर घालून खातो, एवढाच आहार. गावात बोभाटा होतो की नवा फादर दारुडा आहे. धर्मशिक्षणाच्या वर्गातल्या पोरी त्याची थट्टा करतात, निनावी चिठ्ठी येते की बदली मागून घ्या. वरच्या मोठ्या घरात काउंट, त्याची बायको, चिडलेली मुलगी शांताल, आणि काउंटचं मुलीच्या शिक्षिकेशी चाललेलं प्रकरण. काउंटेसचा मुलगा लहानपणीच वारलेला आणि ती वर्षानुवर्षं देवाशी अबोला धरून बसलेली. फादर तिला त्यातून बाहेर काढतो आणि त्याच रात्री ती वारते. गाव म्हणतं ह्यानेच छळून मारलं. शेवटी लीलला डॉक्टरकडे जातो तर पोटाचा कॅन्सर निघतो, आणि एका जुन्या मित्राच्या, धर्मगुरूपद सोडून दिलेल्या मित्राच्या खोलीत तो मरतो. शेवटचे शब्द म्हणजे सगळी कृपाच आहे, अशा अर्थाचे.

मूळ कादंबरी जॉर्ज बेर्नानोसची, १९३६ ची. पिक्चर व्हायच्या आधीच, १९४८ मध्ये बेर्नानोस वारला. शूटिंग तिकडेच पा-द-कालेमध्ये एकिर नावाच्या खेड्यात झालं, त्यामुळे जो ओलावा आणि जी उघडीबोडकी झाडं दिसतात ती खरी आहेत.

त्याला हे काम मिळालं कसं? तयारी काय केली?

जाँ-लुई बारो आणि मादलेन रेनो ह्या नवराबायकोची पॅरिसमध्ये मोठी नाटक कंपनी होती, त्यात हा होता. मोठी कामं नाहीत, शिकतच होता म्हणा. ब्रेसाँला असा माणूस हवा होता ज्याचा स्वतःचा विश्वास आहे, आणि लेदू श्रद्धाळू कॅथलिक होता. निवड झाल्यावर शूटिंगच्या कितीतरी आधीपासून ब्रेसाँ त्याला नियमित भेटायचा, नुसतं बसून ह्या माणसाबद्दल, त्या फादरबद्दल बोलायचं. मग लेदू काही आठवडे तरुण धर्मगुरूंबरोबर जाऊन राहिला, ते चालतात कसे, हात कुठे ठेवतात, झग्यात बसतात उठतात कसे हे अंगात मुरवायला. चेहरा आजारी दिसावा म्हणून खाणं कमी केलं. तेव्हा तो २३ वर्षांचा.

आणि ह्यातली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट म्हणजे तो नंतर म्हणायचा की आपण एका संताचं काम करतोय हे त्याला शूटिंग चालू असताना कळलंच नव्हतं, पिक्चर पडद्यावर बघितला तेव्हा कळलं. मला हे अगदी पटतं. संत करायचाय असं डोक्यात ठेवून कॅमेऱ्यासमोर उभा राहिला असता तर डोळे वर करून बघितलं असतं, हात जोडले असते, आवाज मऊ केला असता. त्याऐवजी तो एक एक काम करत जातो. दार उघडतो, शाई टिपतो, पाव मोडतो.

पण तो तर नट नव्हताच असं वाचलंय, ब्रेसाँ साधी माणसं घ्यायचा ना?

हा घोटाळा सगळ्यांचाच होतो. ब्रेसाँ पुढे पूर्णपणे बिननटांकडे वळला हे खरं, १९५६ च्या तुरुंगातून पळून जाण्याच्या पिक्चरमधला फ्राँस्वा लतेरिए तत्त्वज्ञानाचा विद्यार्थी होता, आणि त्याच्याच ‘पिकपॉकेट’मधला मार्तँ लासालसुद्धा नट नव्हता. पण हा पिक्चर मधल्या पायरीवरचा आहे. त्याच्या आधीच्या दोन मोठ्या पिक्चरांत मारिया काझारेससारखे पक्के नट होते. इथे मिसळ आहे, काही धंद्यातले, काही बाहेरचे. शेजारच्या तोर्सी गावचा तो दणकट म्हातारा फादर आठवतोय? तो माणूस प्रत्यक्षात मानसोपचारतज्ज्ञ होता, आद्रियाँ बोरेल, फ्रान्समधल्या मनोविश्लेषणाच्या संस्थेच्या स्थापकांपैकी एक, पडद्यावर वेगळ्या नावाने आलेला. एक मनोविश्लेषक फादर होऊन एका तरुणाला खाऊन पिऊन धड राहा म्हणून दमात घेतोय, हे कळल्यावर ते सीन परत बघा.

लेदू मात्र शिकलेला नट होता आणि हे सांगणं मला महत्त्वाचं वाटतं, कारण ‘नट नव्हता’ म्हटलं की सगळं श्रेय आपोआप डायरेक्टरकडे जातं. जणू काही चेहरा सापडला आणि ब्रेसाँने तो वापरला. शिकलेल्या माणसाने शिकलेलं बाजूला ठेवायचं हे न शिकलेल्यापेक्षा अवघड असतं, गाणाऱ्याला विचारा, तान येत असताना न घेणं किती जड जातं ते.

चेहरा तर हलतसुद्धा नाही, मग अ‍ॅक्टिंग कुठली त्यात?

हा प्रश्न चारही वेळा आलाय आणि विचारणारे चुकीचे नाहीत, पहिल्यांदा मलाही तसंच वाटलं होतं. म्हणून एकच सीन घेते, काउंटेसचा.

दिवाणखाना, शेकोटी पेटलेली. काउंटेस बोलतेय, फादर ऐकतोय. बाहेर बागेत माळी दाताळ्याने पालापाचोळा ओढतोय त्याचा खर्र खर्र आवाज आत येतोय, खूप वेळ येतोय. आता लेदूकडे बघा. तो काही करत नाही असं वाटतं पण त्याचे डोळे तिच्यावरून हटत नाहीत. ती त्याला टोचून बोलते, तिथे साधा नट काय करेल, दुखावल्याचं दाखवेल. हा दाखवत नाही, पापणी किंचित खाली येते आणि परत वर. तो थकलेला आहे, उभं राहायला आधार शोधतोय, घाम आलाय, आणि तरी ऐकणं थांबत नाही. हळूहळू तुमच्या लक्षात येतं की ह्या खोलीत ताकद त्या बाईकडे नाहीये, तिच्याकडे पैसा आहे, वय आहे, घर आहे, राग आहे, पण हा पोरगा जो धड जेवलेला पण नाही तो एक इंच मागे सरकत नाहीये. ती शेवटी मोडते, आणि मुलाची तसबीर असलेलं ते लॉकेट गळ्यातून काढून आगीत टाकते, आणि हा क्षणात वाकून आगीत हात घालतो आणि ते बाहेर काढतो. सबंध सीनमध्ये त्याने केलेली ती एकमेव झटक्याची हालचाल. इतका वेळ तो स्थिर राहिला नसता तर त्या हाताने काळजात चर्र झालं नसतं.

दुसऱ्या दिवशी ती गेलेली असते. तिचं पत्र आलेलं असतं, की आता मला शांती आहे. ते पत्र दाखवलं तर गावाची तोंडं बंद होतील, पण तो कोणाला दाखवत नाही. लोक बोलतात, वरचे धर्मगुरू चौकशी करतात, पत्र तसंच राहतं. इथे पण लेदू चेहऱ्यावर त्यागबिग काही आणत नाही. आणि तिच्या मृतदेहाजवळ तो मनात म्हणतो ते वाक्य, अर्थ असा की आपल्याकडे जे नाहीच ते आपण दुसऱ्याला देऊ शकतो, रिकाम्या हातांचा गोड चमत्कार. कारण स्वतः त्याला शांती मिळालेली नाहीये, प्रार्थना करता येत नाहीये, आणि तरी त्याने तिला ती दिली.

तर अ‍ॅक्टिंग कुठे आहे, तर ऐकण्यात आहे. ऐकणारा नट मिळणं फार दुर्मिळ, बहुतेक नट समोरच्याचं वाक्य संपायची वाट बघत असतात.

तो मागून डायरी वाचतो ते कंटाळवाणं नाही का? लिहिताना दिसतंच आहे, मग परत वाचायचं कशाला?

नाही, आणि मी तर म्हणेन अर्धं काम त्या आवाजाचं आहे. सपाट वाचतो, बरोबर, पण मधेच हात थांबतो, शब्द खोडतो, टिपकागद दाबतो, आणि आवाज पुढे जात राहतो किंवा आवाज थांबतो आणि चेहरा राहतो. जे वाचलं तेच पुढच्या क्षणी घडताना दिसतं तेव्हा तुम्ही काय झालं हे बघत नाही, कसं झालं हे बघता. फ्रेंच येत नसेल तरी एकदा सबटायटलवरून नजर काढून पाच मिनिटं नुसता आवाज ऐका.

मोटरसायकलचा सीन एवढा का गाजलाय?

कारण अख्ख्या पिक्चरमध्ये तो तिथे पहिल्यांदा २३ वर्षांचा वाटतो. काउंटेसचा पुतण्या ऑलिव्हिए, परदेशी पलटणीतला सैनिक, त्याला मागे बसवून स्टेशनपर्यंत सोडतो. वारा लागतो, झगा फडफडतो, आणि हा हसतो. मोकळं हसतो. आपल्याला तोपर्यंत माहीत असतं की तो कुठे चाललाय, डॉक्टरकडे चाललाय, आणि त्याला क्षणभर वाटतं की आपणही ह्या सैनिकासारखं तरुण होऊ शकलो असतो, कोणीतरी आपला दोस्त झाला असता. मिनिटभराचा प्रवास आहे. माझ्याकडे बघायला आलेल्यांपैकी जे कोणी मधे मोबाइल बघत होते त्यांनीसुद्धा तिथे मान वर केलीये.

त्याला बक्षीसबिक्षीस काही मिळालं का?

पिक्चरला भरपूर. लुई देल्युक पारितोषिक मिळालं, १९५१ च्या व्हेनिस महोत्सवात छायाचित्रणाचं बक्षीस लेओंस-आँरी ब्युरेलला मिळालं. त्याच वर्षी तिथलं सर्वात मोठं बक्षीस कुरोसावाच्या ‘राशोमोन’ला गेलं, त्यामुळे हरला असं तर कोणी म्हणू नये. लेदूला स्वतःला ब्रिटिश अकादमीचं परदेशी नटासाठीचं नामांकन होतं, १९५४ च्या सोहळ्यात. त्याच यादीत मार्लन ब्रँडो, ग्रेगरी पेक, स्पेन्सर ट्रेसी. बक्षीस ब्रँडोला गेलं. एतेरबेकच्या एका मुलाचं पहिल्याच पिक्चरसाठी ह्या लोकांच्या ओळीत नाव, आणि तरी आज सिनेमा कोळून प्यायलेल्या लोकांनासुद्धा त्याचं नाव विचारलं की आठवत नाही.

ह्यात त्रुफोचा काय संबंध? कुठेतरी वाचलं होतं.

अगदी थोडक्यात. ब्रेसाँच्या आधी ह्याच कादंबरीवर ओरांश आणि बोस्त ह्या तेव्हाच्या मोठ्या जोडीने पटकथा लिहिली होती आणि बेर्नानोसने ती साफ नाकारली. १९५४ च्या जानेवारीत तरुण फ्राँस्वा त्रुफोने, जो पुढे स्वतः मोठा डायरेक्टर झाला, ‘काय्ये द्यु सिनेमा’ ह्या सिनेमाच्या मासिकात त्यावेळच्या फ्रेंच सिनेमावर जो घणाघाती लेख लिहिला त्यात ही पटकथा आणि ब्रेसाँचा पिक्चर समोरासमोर ठेवून दाखवलं की पुस्तकाशी इमान राखणं म्हणजे काय. पुढची नवी लाट, म्हणजे त्रुफो आणि त्याच्या सोबत्यांनी स्वतः काढलेले नव्या धाटणीचे पिक्चर, सगळ्यांना माहीत आहे. त्या भांडणाच्या मधोमध लेदूचा चेहरा आहे एवढं लक्षात ठेवा.

एवढं सगळं होतं तर मग स्टार का नाही झाला?

माझं मत सांगते. एक तर त्या चेहऱ्यावर झगा चिकटला. १९५३ मध्ये स्पेनमध्ये राफाएल हिलने ‘देवाचं युद्ध’ अशा अर्थाच्या नावाचा पिक्चर केला, त्यात लेदू पुन्हा तरुण फादर, ह्यावेळी खाणकामगारांच्या गावात, मालक आणि मजूर ह्यांच्या मधे सापडलेला. म्हणजे पहिला पिक्चर इतका लागला की दुसऱ्या देशातले लोक तेच घेऊन दारात. आपल्याकडे नाही का एखाद्याने एकदा देवाचं काम चांगलं केलं की लोक रस्त्यात पाया पडतात आणि निर्माते दुसरं काही देतच नाहीत, तसंच.

दुसरं कारण जास्त महत्त्वाचं. पन्नासच्या दशकातला फ्रेंच धंदा संवादांवर चालायचा, टाळीचं वाक्य, भुवई उडवणं, लकबी. जेरार फिलिपसारखा देखणा आणि बोलका नट त्यात चमकायचा. ऐकणाऱ्या माणसाला तिथे काय काम देणार? लेदूची ताकद ज्यात होती ते मागणारा डायरेक्टर एकच होता, आणि त्या डायरेक्टरने एकदा वापरलेला माणूस परत न घ्यायचं ठरवलं.

हो, ब्रेसाँने परत का नाही घेतलं?

कारण त्याचं म्हणणं असं की एकदा पडद्यावर येऊन गेलेला माणूस दुसऱ्या वेळी स्वतःला बघून आलेला असतो, पहिल्या वेळेचं नकळतपण राहत नाही. त्याच्या दृष्टीने बरोबर असेल. मला मात्र वाईट वाटतं. लेदू काही नुसता कच्चा माल नव्हता, त्याला दुसरी संधी दिली असती तर वेगळं काही निघालं असतं असं मला मनापासून वाटतं. ब्रेसाँने १९६७ मध्ये पुन्हा बेर्नानोस घेतला, ‘मुशेत’, पण तेव्हा लेदू चाळिशीत होता आणि फ्रान्समधल्या मुलांना झोपवत होता, ते पुढे येतंच आहे.

त्याचे दुसरे कुठले पिक्चर बघू?

सगळे नको. आंद्रे कायातचा १९५२ चा देहदंडाच्या शिक्षेविरुद्धचा पिक्चर आधी बघा, त्याचं नाव आपण सगळेच खुनी आहोत अशा अर्थाचं आहे, कान महोत्सवात ज्युरीचं खास बक्षीस मिळालेला. लेदू त्यात तरुण वकील आहे, मुख्य आरोपी मुलूजी. राग आणणारा पिक्चर आहे, चांगल्या अर्थाने. पहाटे गिलोटिनकडे न्यायला पहारेकरी बूट काढून मोज्यांवर येतात, आवाज होऊ नये म्हणून, ते विसरता येत नाही.

स्पॅनिश पिक्चर मिळाला तर बघा, तुलनेसाठी तरी. क्लोद ओताँ-लाराचा १९५३ चा एक आहे दानिएल दार्यूबरोबरचा. इटलीत त्याने फ्रान्झ शूबर्टचं काम केलं, १९५४ च्या ‘प्रेमाची सिंफनी’ अशा नावाच्या पिक्चरमध्ये, आणि त्याच वर्षी ‘अटिला’मध्ये रोमन सम्राट तिसरा व्हॅलेंटिनियन झाला. ह्या शेवटच्यात अँथनी क्विन अटिला, सोफिया लॉरेन आहे, रंग आहेत, घोडे आहेत, आणि मधे हा बारीक पोरगा डोक्यावर सम्राटाचा साज घालून. तो तिथला वाटत नाही. पण डोळे तेच. १९६० मध्ये बेर्नानोसच्याच संवादांवरून केलेल्या कार्मेलाइट पंथाच्या जोगिणींच्या पिक्चरमध्येही तो आहे, मुख्य कामात नाही.

टीव्हीवरच्या अस्वलाची काय गोष्ट आहे? खरंच तोच माणूस का?

तोच! १० डिसेंबर १९६२. फ्रान्समध्ये तेव्हा टीव्हीचं एकच चॅनल, काळंपांढरं. संध्याकाळी मुलांच्या झोपायच्या वेळेला जेमतेम पाच मिनिटांचा कार्यक्रम सुरू होतो, ‘बॉन न्वी ले पती’, म्हणजे पिल्लांनो शुभ रात्री. कल्पना क्लोद लेदूची, आणि बायको क्रिस्तीन त्याच्या बरोबरीने कामाला.

बाहुल्यांचा खेळ. युरोपात एक जुनी समजूत आहे की रात्री एक वाळूवाला येतो आणि मुलांच्या डोळ्यांवर वाळू टाकतो म्हणून झोप येते, सकाळी डोळ्यांत जी चिपडं असतात ती त्याची वाळू. तर हा वाळूवाला ढगावर बसून येतो, पावा वाजवतो, आणि ढगावरून शिडी सोडून एक मोठं ढब्बं अस्वल खाली उतरतं. घरात एक भाऊ एक बहीण, निकोला आणि पँप्रनेल, पायजम्यात, झोपायचं सोडून काहीतरी उद्योग चाललेले. अस्वल दिवसभरात काय झालं विचारतं, ऐकून घेतं, थोडं समजावतं, पांघरूण घालतं, शिडी चढून परत जातं. मग ढग निघतो आणि शहरावर वाळू पडते. पाव्याची धून अठराव्या शतकातल्या एका जुन्या फ्रेंच गाण्याची.

पहिल्यांदा अस्वलाला नुसतं मोठं अस्वल म्हणायचे, मुलांची नावंही वेगळी होती, थोड्याच काळात नुनूर्स, निकोला, पँप्रनेल झाले आणि तेच राहिले. कार्यक्रम १९७३ पर्यंत चालला, पुढे परत आला, नव्वदच्या दशकात रंगीत होऊन नव्या मुलांसाठी आला. फ्रान्समधल्या साठी ओलांडलेल्या कुठल्याही माणसासमोर ती पाव्याची धून वाजवा, चेहरा बदलतो. त्यातल्या बहुतेकांना हे माहीत नसतं की हे अस्वल ज्याने आणलं तोच ब्रेसाँचा फादर.

पण सिनेमातून मुलांच्या कार्यक्रमात म्हणजे घसरणच झाली ना?

अजिबात नाही, आणि हे मी जरा जोरात सांगणार आहे. कारण लेदूबद्दल जिथे कुठे दोन ओळी येतात तिथे सूर हाच असतो, एक महान भूमिका आणि नंतर काही नाही. नंतर काही नाही कसं? रोज संध्याकाळी लाखो मुलं ज्याची वाट बघतात ते काही नाही? मुलांसाठीचं काम हलकं धरायची आपली ही सवयच वाईट आहे, बालनाट्य करणाऱ्याला आपल्याकडे पण कायम विचारतात की मोठ्यांचं नाटक कधी करणार.

आणि नीट बघा ना तो काय करतोय. रात्रीची वेळ, कोणीतरी दारात येतं, घरातल्या माणसाचं ऐकतं, ते जे अडलंय ते सोडवतं, आशीर्वाद दिल्यासारखं करून निघून जातं, स्वतःसाठी काही मागत नाही. आंब्रिकूरचा फादर सायकलवरून हेच करत फिरत होता, फक्त तिथे त्याला कोणी आत घेत नव्हतं. इथे सगळ्यांनी घेतलं. लेदूने हे मुद्दाम जुळवलं असं मी म्हणत नाहीये, माणसाचा स्वभाव असतो तो कुठेही गेला तरी तसाच निघतो एवढंच मला दिसतं.

‘टॅक्सी ड्रायव्हर’ ह्यावरून घेतलाय का?

घेतलाय म्हणणं जास्त होईल, पण त्याची पटकथा लिहिणारा पॉल श्रेडर ब्रेसाँचा पक्का भक्त आहे, त्याने १९७२ मध्ये ब्रेसाँ आणि आणखी दोन डायरेक्टरांवर पुस्तकही लिहिलं. एकटा माणूस खोलीत बसून वहीत लिहितोय आणि आपण ते ऐकतोय, खाणंपिणं बिघडलेलं, ही सगळी वळणं तिथली. श्रेडरच्याच २०१७ च्या ‘फर्स्ट रिफॉर्म्ड’मध्ये तर उघडच आहे, धर्मगुरू, डायरी, पोटाचं दुखणं, दारू. रशियन डायरेक्टर तार्कोव्हस्कीला १९७२ मध्ये आवडत्या दहा पिक्चरांची यादी करायला सांगितली तेव्हा त्याने सगळ्यात वर हाच लिहिला होता.

पहिल्यांदा बघताना काय लक्षात ठेवू?

दोन तासांना पाच मिनिटं कमी. दुपारी जेवून बघू नका. आवाज मोठा ठेवा, दाताळं, गाडीचं चाक, लांबून बंदुकीचा बार, हे सगळं ऐकायचंय. पहिल्या वीस मिनिटांत कोण कुणाचं कोण हे कळत नाही, त्याने घाबरू नका, फादरलाही कळत नसतं. वहीचं पान दिसलं की हस्ताक्षराकडे बघा, दुखणं वाढतं तसं ते बदलत जातं.

आणि अस्वल मुलांना दाखवलं तर चालेल? भाषा कळत नाही ना.

जुने काळेपांढरे भाग ऑनलाइन मिळतात आणि भाषेचं काही अडत नाही. माझी भाची चार वर्षांची, तिला मी दोन संध्याकाळ दाखवले, अस्वल शिडीवरून उतरलं की ती गप्प व्हायची आणि ढग निघाला की हात करायची. तिसऱ्या दिवशी लाइट गेले होते, अंधारात अंथरुणावर पडल्या पडल्या म्हणाली मावशी वाळू टाक. माझ्या हातात काही नव्हतं, मी नुसती मूठ तिच्या डोळ्यांवर उघडली, आणि तिने डोळे मिटून घेतले.